अर्ध्या तासाचा वाघ

हेपोच्या मासळी बाजारामागे रस्सा गल्ली आहे आणि गल्लीच्या तोंडाशीच मेंग दोक-सुनचं दुकान आहे. दुकानाला पाटी नाही. कुणी विचारलंच तर ती म्हणते, "ज्याला वास येत नाही त्याला पाटी वाचून काय कळणार?" हिवाळ्यात कॉड माशाच्या मुंड्यांचा रस्सा, एरवी जाळ्यात येईल त्याचा. सकाळी लिलाव उरकून आलेले लोक तिथे बसतात. आदल्या दिवशीची सोजू दारू अजून डोक्यात असलेलेही बसतात. आणि घरी गेलं की बायको काहीतरी विचारणार आहे, अशा लोकांचा तर तो दुसरा संसारच आहे.

दुकानाच्या वरच्या मजल्यावर काळाचा अभ्यास चालतो. त्या मजल्याला मात्र पाटी आहे, आणि ती खालच्या दारापेक्षा मोठी आहे: 'हेपो काल अध्ययन अकादमी'.

अकादमीचे संचालक प्यो मान-गिल हे खरं तर जन्मवेळ पाहून भविष्य सांगणारे. आमच्या गावात असा प्रत्येक माणूस आपल्या दुकानाला 'तत्त्वज्ञान भवन' म्हणतो. मान-गिलने दुकान थाटायचं ठरवलं तेव्हा बाजारात चार तत्त्वज्ञान भवनं आधीच होती, आणि त्यातल्या दोघांत मारामारीही झाली होती. म्हणून त्याने अकादमी काढली. पुढे भूगोलाचे निवृत्त मास्तर सोक सर येऊन मिळाले, कारण त्यांच्या बायकोने त्यांना सांगितलं होतं की जेवणापुरतं घरी आलात तरी चालेल. तिसरा सभासद चुन घड्याळजी. लोक मोबाईलमध्ये वेळ बघायला लागले तसं त्याचं दुकान बसलं. उरलेली सगळी घड्याळं घेऊन तो वर आला आणि त्याने ती भिंतीवर टांगली. त्यातली दोन एकसारखी वेळ दाखवत नाहीत. दुरुस्त कर म्हटलं की चुन म्हणतो, "मी निवृत्त झालोय."

अकादमीचा नियम एकच होता: सगळे जमले की सभा सुरू. त्यामुळे तिथे आजवर कुणाला उशीर झालेला नाही. थंडीत वाट पाहताना वेळ जास्त लागतो का, यावर त्यांनी एकदा बस थांब्यावर प्रत्यक्ष अभ्यास केला होता. बस आलीच नाही म्हणून निष्कर्ष काढायचा राहिला.

दोक-सुन या तिघांना सांभाळून घ्यायची, आणि तेही तिला वचकून असत. वचकून तर अख्खा बाजारच होता. कारण दोक-सुन वाघाच्या प्रहरी जन्मलेली होती.

दिवसरात्रीचे बारा भाग, प्रत्येक भाग दोन तासांचा आणि एकेका जनावराचा: उंदीर, बैल, वाघ, ससा, ड्रॅगन, साप आणि असेच पुढे. माणूस कोणत्या भागात जन्मला यावर त्याचं बरंच काही ठरतं. दोक-सुनच्या जन्मवेळेबद्दल शंकेला जागा नव्हती. ऐन हिवाळ्यात, पहाटे पाचच्या बोटीचा भोंगा वाजला आणि बाप कंदील घेऊन परत घरात येतो न येतो तोच ती जन्मली. आई जन्मभर सांगायची, "भोंग्यालाच दचकून बाहेर आली."

ती लग्नाच्या वयाची झाली तेव्हा आईने तिला योम गुरुजींकडे नेलं. हे मान-गिलचे गुरू. गुरुजींनी बोटं मोजली, डोळे मिटले, पुन्हा बोटं मोजली आणि थोडे मागे सरकून बसले.

"वाघ आहे," ते म्हणाले. "तोही उपाशी. ही तीन नवरे खाईल."

आई रडायला लागली. दोक-सुनने विचारलं, "आणि चौथा?"

"चौथा यायला वेडा लागेल."

ही बातमी त्यांच्या आधी घरी पोचली. सुकटवाल्याच्या मुलाशी बोलणी चालली होती, ती दुसऱ्या दिवशी थांबली. मग शाळेतला एक कारकून निघाला, पण त्याच्या आईने वाटेतूनच त्याला परत नेलं. तिसरा एक खलाशी, सोजू पिऊन छाती काढून आला. म्हणाला, "खाऊ दे मला! बघू किती भूक आहे!" सुपारी फुटायच्या आठवड्यात त्याला गालगुंड झालं. सुजलेल्या तोंडाने त्याने निरोप पाठवला की वाघाने वास घेतला एवढं पुरे.

त्यानंतर कुणी आलं नाही. बाप गेला, दुकान दोक-सुनकडे आलं, आणि मग तिच्या ध्यानात आलं की वाघ असण्याचे काही फायदेही आहेत.

त्या काळी बाजारात दोन दांडगे फिरायचे. प्रत्येक दुकानातून फुकट खायचे आणि वर दुकानदाराला टपल्या मारायचे. ते तिच्याकडे आले तेव्हा ती मुंडी फोडत होती. कोयता न थांबवता ती म्हणाली, "बसा. माझ्या वाट्याचे तीन अजून शिल्लक आहेत. नवरेच पाहिजेत असं काही नाही." त्यातला एक हसत हसत बाहेर पडला, पायरीवरच्या बर्फावरून घसरला आणि त्याचा पाय मोडला. बर्फ सगळ्यांच्याच पायरीवर होता. पण पाय हिच्याच पायरीवर मोडला, आणि तेवढ्यावर पुढची पस्तीस वर्षं निघाली.

लिलावात कॉडच्या मोठ्या मुंड्या आधी तिच्यापुढे यायला लागल्या. नगरपालिकेचा आरोग्य निरीक्षक तिचं दुकान लांबूनच तपासायचा. एकदा वादळात मासेमारी बुडाली तेव्हा नावाडी येऊन म्हणाले, "मावशी, समुद्राकडे बघून एकदा ओरड ना." ती ओरडलीही. वादळ दोन दिवसांनी थांबलं, ते कशानेही थांबलंच असतं, पण श्रेय तिला मिळालं. तिने नाही म्हटलं नाही.

दोक-सुन साठीची झाली त्या हिवाळ्यात मासळी सोसायटीच्या अध्यक्षाने रस्सा गल्ली उठवायचं ठरवलं. गल्लीच्या जागी गाड्या लावायला मैदान करायचं आणि रश्श्याची सगळी दुकानं बर्फाच्या कारखान्यामागे न्यायची. तिथे दिवसभर अमोनियाचा वास आणि गिऱ्हाईक म्हणाल तर मांजरं. गल्लीतल्या बायकांनी एकमताने दोक-सुनला पुढे केलं. दुसऱ्या कुणाचं नावही निघालं नाही.

हा अध्यक्ष म्हणजे ह्वांग चिल-बोक, दोक-सुनच्याच वर्गातला. स्वतः ड्रॅगनच्या प्रहरी जन्मलेला, आणि हे कुणी विसरू नये म्हणून त्याच्या टायवर सोन्याचा ड्रॅगन, कचेरीत दगडाचा ड्रॅगन, गाडीच्या स्टेअरिंगवर कातड्याचा ड्रॅगन. कोणताही व्यवहार करायच्या आधी तो समोरच्याची जन्मवेळ काढायचा. वाघ आणि ड्रॅगन समोरासमोर आले तर काय होतं हे कुणालाच नक्की माहीत नसतं, त्यामुळे तो तीनदा तारीख पुढे ढकलून बसला होता. येत्या सोमवारी शेवटची बैठक होती. गल्लीतल्या बायका निवांत होत्या. त्यांच्याकडे वाघ होता.

त्याच आठवड्यात गुरुवारी दुपारी अकादमीचे तिघे खाली जेवायला आले आणि गुपचूप बसले. चुनने किमचीच्या लोणच्याला हात लावला नाही. मान-गिल दोक-सुनला 'आपण' म्हणाला.

तिने वाट्या ठेवल्या आणि कमरेवर हात ठेवून उभी राहिली. "कोण मेलं?"

"कुणी नाही, ताई."

"मग मला 'आपण' का म्हणतोस? मी मरणार आहे का?"

"नाही, नाही. आपली... तुझी तब्येत छान आहे."

"मान-गिल."

मान-गिलने सोक सरांकडे पाहिलं. सोक सर चष्मा पुसत होते. त्यांच्या तोंडावर, एखाद्या माणसाला जन्मात पहिल्यांदाच काहीतरी सापडलं की जसा लाल रंग येतो, तसा आला होता.

"मालकीणबाई," ते म्हणाले, "अकादमीने एक शोध लावला आहे."

"लावा की. रस्सा गार होतोय."

"आपल्या देशाचं घड्याळ जपानच्या वेळेवर, म्हणजे सूर्याच्या अर्धा तास पुढे चालतं, हे तुम्हाला ठाऊक असेल."

"तुमची वरची घड्याळं तर एकमेकांच्याच पुढे चालतात."

"म्हणून मान-गिलसारखे लोक प्रत्येक प्रहर अर्धा तास उशिरा धरतात. वाघ साडेपाचला संपतो, पाचला नाही. ते बरोबरच आहे. पण लढाई संपल्यावर सरकारने देशभरातली घड्याळं अर्धा तास मागे घेतली होती. म्हणे जपान्यांची वेळ आपल्याला नको. सातेक वर्षं तसं चाललं, मग दुसऱ्या सरकारने ती परत पुढे केली. त्या वर्षांत घड्याळ आणि सूर्य एकच वेळ दाखवत होते. तेव्हा जन्मलेल्यांना हा अर्धा तास लावायचाच नसतो."

"बरं मग?"

सरांनी चष्मा घातला. "तुम्ही तेव्हा जन्मलात. पाचच्या भोंग्यानंतर. तुमचा वाघ पाचलाच संपला होता."

दुकानात दुसरं गिऱ्हाईक नव्हतं. पातेल्याचं झाकण तेवढं वाजत होतं.

"वाघानंतर कोण?" दोक-सुनने विचारलं. तिला ठाऊक होतं, पण तिला ते त्यांच्या तोंडून ऐकायचं होतं.

चुन घड्याळजी वाटीत बघून म्हणाला, "ससा."

"योम गुरुजींना हे कळलं नाही?"

मान-गिल आणखी अवघडला. "गुरुजी ती वर्षं... आत होते."

"कुठे आत?"

"तुरुंगात. एका श्रीमंत बाईला तिच्या मेलेल्या नवऱ्याचा पुढचा जन्म विकला होता त्यांनी. तो जन्म शेजारच्या गल्लीतलं कुत्रं निघाला. आत घड्याळ नव्हतं, ताई. बाहेर आले तेव्हा वेळ परत पूर्वीसारखी झाली होती. त्यांना कुणी सांगितलंच नाही. त्यांनी मला जसं शिकवलं तसं मी..."

दोक-सुन हसायला लागली. हसता हसता तिच्या हातातला डाव खाली पडला. "तीन माणसं," ती म्हणाली, "तीन धडधाकट माणसं सशाला घाबरून पळाली! एकाला तर गालगुंड झालं!" तिघेही कसंनुसं हसले. मग ती एकदम थांबली.

"हे कुणाकुणाला सांगितलंत?"

"अजून कुणाला नाही," सोक सर म्हणाले. "शनिवारी अकादमीची दशकपूर्ती आहे. सोसायटीच्या सभागृहात. तिथे मी निबंध वाचणार आहे, आणि उदाहरण म्हणून, म्हणजे गावात सर्वांना माहीत असलेलं..."

"मी."

"तुमचंच भोंग्याचं उदाहरण सगळ्यात स्वच्छ आहे."

"आणि सोमवारी बैठक आहे ती?"

सोक सरांना बैठकीचं खरोखर आठवलं नव्हतं. ते भूगोलाचे मास्तर होते, नद्या कुठून कुठे जातात एवढंच त्यांनी जन्मभर पाहिलं होतं. ते हळूच म्हणाले, "सत्य पुढच्या महिन्यावर ढकलता येत नाही हो."

दोक-सुनने आधी धमकी दिली. मग मोठी मुंडी वाढली. मग वाढलेली मुंडी परत घेतली. सोक सर ऐकेनात. दहा वर्षांत एकदाच शोध लागला होता, आणि त्यांची बायको शनिवारी ऐकायला येणार होती.

ते वर गेल्यावर दोक-सुन मागच्या मोरीत जाऊन आरशापुढे उभी राहिली. कानांना हात लावून पाहिला. पहिल्यांदा तिला योम गुरुजींचा राग आला, पण ते मरून गेले होते आणि मेलेल्या माणसाला शिव्या देऊन घसा कोण बसवून घेणार. मग तिला सुकटवाल्याचा मुलगा आठवला. त्याची बायको रोज बाजारात दिसायची. पाठीला बाक आलेला, बोटं खारट पाण्याने फाटलेली, आणि नवरा शेजारी खुर्चीवर बसून सांगायचा, सुकटीतली ही काडी काढ, ती काडी काढ. दोक-सुनने मोरीतून बाहेर येऊन कांदा चिरायला घेतला. बऱ्याच वेळाने तिच्या मनात आलं की त्या दांडग्यांपुढे कोयता चालवताना तिचे गुडघे लटलट कापत होते. वाघाचेही कापत असतील असं तेव्हा तिने स्वतःला सांगितलं होतं.

शुक्रवारी सकाळी लिलावात चिल-बोक समोर आला. कोटावर मासळीचे खवले उडू नयेत म्हणून तो नेहमी पेट्यांपासून लांब उभा राहायचा. आज मात्र तिच्या जवळ येऊन, वाकून बोलला.

"काय गं दोक-सुन, उद्या येतेस ना सभेला? ऐकलं, तुझ्याबद्दल काही नवीन कळलंय म्हणे."

मान-गिलच्या तोंडात काही राहत नाही, हे तिला ठाऊक होतं. त्याचा धंदाच तो.

"कळलं असेल," ती म्हणाली.

"वाईट वाटून घेऊ नकोस. बर्फाच्या कारखान्यामागे चांगलं गार असतं. ससे गारव्यात सुखी राहतात." टायवरचा ड्रॅगन त्याने बोटाने सरळ केला. "माझी आई म्हणायची ते खोटं नाही. शेवटी जन्माची वेळच माणसाला तारते."

तो गेला. दोक-सुन हातात कॉड धरून तशीच उभी राहिली. चिल-बोकच्या जन्माची वेळ त्याची आई कशी सांगायची, ते तिला आठवत होतं. त्या माउलीने ते एकदा नव्हे, दर सणाला, दर लग्नात, दर मयतीलाही सांगितलं होतं: शाळेची नऊची घंटा झाली, पोरं वर्गात गेली, आणि घंटेचा आवाज कानात असतानाच माझा ड्रॅगन आला.

"मावशी, घेतेस की मासा ठेवतेस?" लिलाववाला म्हणाला.

"घेते," दोक-सुन म्हणाली. "आणखी एक दे. चांगला जाडा बघून दे."

शनिवारी सभागृह भरलं. काळाबद्दल हेपोला एवढी आस्था कधी नव्हती, पण सभेनंतर तांदळाच्या वड्या मिळणार होत्या आणि दोक-सुनबद्दल काही निघणार असं सगळीकडे झालं होतं. गल्लीतल्या बायका एका रांगेत तोंडं पाडून बसल्या होत्या. दोक-सुन पहिल्या रांगेत होती, इस्त्रीचा झगा घालून. मंचावर चिल-बोक प्रमुख पाहुणा.

सोक सर घसा खाकरून उभे राहिले. त्यांनी नकाशा लावला, सूर्य काढला, घड्याळं मागे घेतली, पुढे नेली. लोक जांभया देत होते. मग त्यांनी भोंगा वाजवला, म्हणजे तोंडाने सांगितलं, आणि दोक-सुनचं नाव घेतलं. जांभया थांबल्या.

"ससा?" मागून कुणीतरी म्हणालं. "आपली मावशी ससा?"

"तिच्या भीतीने मी पंचवीस वर्षं तिच्या दारात स्कूटर लावली नाही!"

चिल-बोक उभा राहून टाळ्या वाजवत होता. "वा, सर! शास्त्राने सिद्ध झालं ना हे? यात आता काही बदल नाही?"

"नाही," सोक सर म्हणाले. त्यांचा आवाज भरून आला होता, कारण बायको तिसऱ्या रांगेत जागी होती. "त्या वर्षांत जन्मलेल्या प्रत्येकाला हाच हिशेब लागतो. सूर्य कुणाचं तोंड पाहत नाही."

"सचिव, लिहून घ्या हे. शब्दन् शब्द."

दोक-सुनने शाळेत करायची तसा हात वर केला. "सर, एक शंका. माझ्याच वर्गातला एक मुलगा होता. थंडीतलाच जन्म. शाळेची नऊची घंटा झाली आणि तो जन्मला. त्याचं काय होतं?"

सोक सरांना प्रश्न विचारणारा विद्यार्थी फार वर्षांनी भेटला होता. त्यांनी उत्साहाने खडू उचलला. "उत्तम उदाहरण! जुन्या हिशेबाने तो ड्रॅगन धरला जाईल. पण खरं पाहता नऊला ड्रॅगन संपतो. म्हणजे तो..." त्यांनी फळ्यावर मोठ्या अक्षरात लिहिलं आणि अधोरेखित केलं. "साप."

लोक बोटांवर मोजायला लागले. मग चिल-बोकच्या घराशेजारी जन्म काढलेली एक म्हातारी सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "अगंबाई, नऊच्या घंटेला तर आपला चिल-बोक!"

चिल-बोकचा हात टायकडे गेला आणि तिथेच राहिला.

त्यानंतर सभा सोक सरांच्या हातात उरली नाही. त्या वर्षांतली माणसं काही थोडी नव्हती, बाजार त्यांच्यावरच चालत होता. जो तो आपली वेळ ओरडून विचारायला लागला. एक जाळीवाला घोड्याचा मेंढा झाला. एका बाईने शेजारी बसलेल्या नवऱ्याकडे वळून पाहिलं आणि म्हणाली, "माझी पत्रिका तुझ्याशी जुळली म्हणून केलं मी तुला. नाहीतर तोंड बघितलं होतंस का?" नवरा म्हणाला, "आधी वड्या खाऊ, मग बोलू." मान-गिलला चौघांनी घेरलं होतं. तो म्हणत होता, "गुरुजी आत होते हो, गुरुजी आत होते!"

चिल-बोकने माइक धरला. त्याच्या कपाळावर घाम होता, पण आवाज अध्यक्षाचाच होता.

"बंधू-भगिनींनो! हा सूर्य काय हेपोचा रहिवासी आहे? सोसायटीचा सभासद आहे? आपल्या आयांनी कळा सोसून आपल्याला जी वेळ सांगितली, ती खोटी ठरवणारा हा कोण? हा आपल्या मातांचा अपमान आहे. मी ठराव मांडतो की हेपोत ज्याचा जो प्रहर आजवर मानला, तोच खरा. दोक-सुनताई वाघ होत्या आणि वाघच राहतील!"

"आणि तुम्ही?" दोक-सुनने बसल्या जागेवरून विचारलं.

"ओघानेच आलं ते," चिल-बोक म्हणाला.

"काळावर मतदान होत नाही!" सोक सर ओरडले. त्यांच्या हातातला खडू मोडला.

चुन घड्याळजी दहा वर्षांत सभेत कधी बोलला नव्हता. तो आता बोलला. "सर, दोन सरकारांनी केलं तेव्हा लोकांनी दोन्ही वेळा घड्याळाचे काटे गपचूप फिरवले. आता बाजाराने केलं तर एवढं काय?" आणि त्याने हात वर केला.

सगळ्यांनीच केले. सोक सरांच्या बायकोनेही केला. त्या अर्ध्या तासात ती डुकराची उंदीर झाली होती आणि ते तिला आवडलं नव्हतं.

सोमवारची बैठक कचेरीत व्हायची होती. पण दुपारी, गिऱ्हाइकं ओसरल्यावर, चिल-बोक एकटाच दुकानात आला. टायला ड्रॅगन होता. आत आल्यावर त्याने दार लोटून घेतलं आणि कोपऱ्यात बसला.

दोक-सुनने न विचारता वाटी ठेवली. त्याने दोन घोट घेतले.

"तुला काय वाटतं?" त्याने विचारलं.

"कशाबद्दल?"

"म्हणजे... सरांचं. खरं असेल?"

"मास्तर आहेत. खोटं कशाला बोलतील?"

तो गाल फुगवून काटा शोधत राहिला. मग म्हणाला, "म्हणजे मी आयुष्यभर लोकांना जे काही... ते सगळं सापाने केलं?"

"चिल-बोक, आपण चौथीत होतो तेव्हा तू माझी दप्तराची पिशवी डबक्यात टाकली होतीस."

"त्याचं काय आता?"

"मी काय केलं होतं?"

चिल-बोकने नकळत डाव्या मनगटावरून बोट फिरवलं. "चावली होतीस. खूण अजून आहे."

"तेव्हा मला कुणी सांगितलं होतं का मी वाघ आहे?"

"नाही."

"आणि तू भोकाड पसरून आईकडे पळालास. ड्रॅगन पळाला का साप पळाला, ते तूच बघ."

तो हसला नाही, पण वाटीत तोंड घालून बराच वेळ रस्सा पीत राहिला. शेवटी वाटी खाली ठेवून म्हणाला, "मैदान कारखान्यामागे करू. गाड्यांना वास येत नाही."

"असं म्हणतोस?"

"सगळ्यांना सांग, वाघाने ऐकून घेतलं नाही."

"सांगेन. आणि तू सांग, ड्रॅगनने मोठ्या मनाने सोडलं."

"तसंच सांगणार होतो." तो उठला. दारापाशी थांबून म्हणाला, "दोक-सुन, फार जोरात चावली होतीस तू."

"आणखी एक वाटी देऊ?"

"नको," तो म्हणाला आणि घाईघाईने गेला.

बातमी गल्लीत पोचायच्या आत तिने एक झाकलेली वाटी घेतली आणि जिना चढून वर गेली. मान-गिल आणि चुन पत्ते खेळत होते. सोक सर खिडकीकडे तोंड करून बसले होते. शनिवारपासून ते खाली जेवायला आले नव्हते. भिंतीवरची घड्याळं आपापली वेळ दाखवत होती.

तिने वाटी त्यांच्यापुढे ठेवली. कॉडच्या मुंडीत गालाजवळ जो मऊ तुकडा असतो, तो तिने काढून वर ठेवला होता. तो ती कुणाला देत नाही, स्वतः खाते.

सोक सरांनी तुकड्याकडे पाहिलं, मग तिच्याकडे. "तुम्ही ससा आहात," ते म्हणाले. आवाज रुसलेल्या पोरासारखा होता.

"आहे," दोक-सुन म्हणाली. "इथे वर आहे तोवर ससाच आहे. खा, गरम आहे तोवर."

त्यांनी चमचा उचलला. ती जिन्यापर्यंत गेली, तेवढ्यात खालून नव्या गिऱ्हाइकाचा आवाज आला, "अहो, आत कुणी आहे का? का आपलं आपणच वाढून घ्यायचं?"

दोक-सुनने जिन्यावरूनच असा काही आवाज काढला की वर चुनच्या हातातले पत्ते सांडले, आणि खाली तो माणूस खुर्चीवर नीट ताठ बसला.